पार्सलाची गाठ

संध्याकाळचे साडेसात वाजायला आले की प्रयागबाईच्या पुढच्या खोलीत पाय ठेवायला जागा नसे. बायकांमुळे नव्हे, सांबारामुळे. तिचे यजमान रंगराव मळ्यातून भारा आणून फरशीवरच्या ओल्या पोत्यावर ओतत, आणि पहाटे कारंज्याच्या भाजीबाजारात जायच्या आधी त्याच्या जुड्या होणं भाग असे. मुंबईकडे ज्याला कोथिंबीर म्हणतात त्याला वऱ्हाडात सांबार म्हणतात, हे प्रयागबाईच्या लेकीला हल्ली तिकडच्या लोकांना समजावून सांगावं लागे. इथे कोणाला काही समजावावं लागत नसे. बसायचं, मूठ भरायची, बांधायचं.

कारंजा लाडच्या बाहेर, बायपासला लागून, पूर्वी नुसते भाजीचे वाफे होते. आता तिथे ले-आउट पडलं होतं. वाफ्यांच्या जागी रंगीत बंगल्या उभ्या राहिल्या, कमानीवर कोणीतरी कॉलनीचं नाव लिहिलं, पण लोक त्याला अजून माळ्याचा मळाच म्हणत. घरामागचा एक तुकडा रंगरावांनी विकला नव्हता. मोठे मोठे लोक येऊन भाव सांगून गेले, आणि रंगराव प्रत्येकाला चहा पाजून, हातात एक जुडी देऊन वाटेला लावत राहिले.

जुड्या बांधायला गल्लीतल्या बायका आपण होऊन येत. त्यात मजुरी नव्हती. येताना रिकाम्या हाताने यायचं, जाताना एक जुडी न्यायची. मास्तरांची निता येई, घरातच पार्लर चालवणारी वर्षाराणी येई, आणि लागूनच्या घरातली चतुराबाई येई, गळ्यातला शिवणकामाचा टेप तसाच लोंबत ठेवून. पण खोटं कशाला बोला, सांबार हे निमित्त. खरी ओढ समोरच्या भिंतीवरच्या टीव्हीची होती. तिथे साडेसातला 'गल्ली आपुलकीची' लागे आणि ती मालिका प्रयागबाईची लेक रुचिका लिही.

एकटी लिहीत नसे, पाचसात जण मिळून लिहीत; पण ते सांगत बसायची गल्लीला गरज वाटली नाही. शेवटी नावं भराभरा पळत तेव्हा सगळ्यांचे हात थांबत, रुचिकाचं नाव सर्रकन गेलं की कोणीतरी 'गेलं वं' म्हणे आणि हात पुन्हा सुरू होत. मालिकाही शेजाऱ्यांचीच होती. एक कॉलनी, त्यातली चार घरं, त्यांची भांडणं, त्यांचे वाढदिवस. त्या कॉलनीत कोणाची भांडी घासायची पडलेली कधी दिसत नसत आणि बायका भजी तळायलासुद्धा जरीच्या साड्या नेसत. निता दर दोन दिवसांनी म्हणे, यांच्या घरी पीठ दळून आणते कोण? तरी एकही भाग चुकवत नसे.

जुडी बांधायची प्रयागबाईच्या सासूची एक रीत होती. ओल्या सुतळीचे दोन वेढे द्यायचे आणि शेपूट वरून न घेता वेढ्यांच्या खालून ओढून आत खोचायचं. टोपलीत कितीही आपटली तरी जुडी सुटत नसे, आणि गिऱ्हाइकाने घरी नेऊन शेपूट ओढलं की एका झटक्यात मोकळी. आसपासच्या मळ्यांत दुसरं कोणी अशी गाठ मारत नव्हतं. बाजारात लांबून बघून लोक म्हणत, हा रंगरावांचा माल. प्रयागबाईने ती गाठ गल्लीतल्या बायकांना शिकवली, आणि सगळ्यांत सफाईने ती बसली चतुराबाईच्या हातात.

त्या सोमवारी मालिकेत एक नवी बाई राहायला आली. नाव सुलभा. नवरा दुबईला, घरी एक लग्नाची मुलगी. भाग संपता संपता पोस्टमन आला आणि नवऱ्याने सणासाठी पाठवलेलं पार्सल त्या बाईच्या हातात देऊन गेला. शेजारणी गोळा झाल्या, पार्सलातून साडी निघाली, सुलभा लाजली. निता म्हणाली की नवरा असावा तर असा, आमचे तर बाजारातून पिशवीही रिकामी आणतात. वर्षाराणी हसली. प्रयागबाईच्या हातातली मूठ मात्र फरशीवर सांडली.

तिने चतुराबाईकडे बघितलं. चतुराबाईचे हात चालू होते. दोन वेढे, शेपूट खालून, आत. टीव्हीकडे बघत ती जुड्या बाजूला ठेवत होती, जणू दुबईच्या साडीशी तिचं काही देणंघेणं नव्हतं. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं प्रयागबाईला झालं. आपल्याला वाटतं तसं नसेलही, असं तिने स्वतःला समजावलं. पण भाग संपल्यावर सगळ्या उठल्या, आणि चतुराबाई आपली जुडी न घेताच गेली.

चतुराबाईचा नवरा दौलतराव सुरतेला होता. निदान गल्लीला तसं माहीत होतं. मोठ्या कारखान्यात सुपरवायझर, सुट्टी मिळत नाही, पण माणूस बायकोला विसरलेला नाही, कारण दिवाळीच्या तोंडावर दरसाल त्याचं पार्सल येई. खाकी कागद, वरून सुतळी, आत साडी. चतुराबाई ती साडी भाऊबीजेला नेसून सगळ्यांच्या घरी जाऊन येई आणि बायका पदराला हात लावून बघत.

गेल्या दिवाळीआधी पार्सल आलं तेव्हा चतुराबाई मुलीला, समीक्षाला, घेऊन पोहरादेवीला दर्शनाला गेली होती. पोस्टमनने ते प्रयागबाईकडे ठेवलं. प्रयागबाईने ते कपाटावर ठेवायला उचललं आणि उचललेलंच राहिलं. दोन वेढे. शेपूट वेढ्यांच्या खालून आत. सुरतेला बसून दौलतराव तिच्या सासूची गाठ कशी मारणार होता?

ती दुसऱ्या दिवशी पार्सल घेऊन गेली आणि तिने तसंच विचारलं. चतुराबाई आधी हसली, मग तिचं हसू मावळलं. दौलतरावाचे फोन बंद होऊन कितीतरी वर्षं झाली होती. सुरतेला त्याने दुसरं घर केलं होतं. चतुराबाई दरसाल मंगरूळपीरला जाई, तिथल्या दुकानातून साडी घेई, तिथल्याच पोस्टातून स्वतःला पाठवी. पोस्टाचा शिक्का कोण वाचत बसतं? गाठ मात्र हाताला लागलेली होती, ती आपोआप पडत गेली. त्या दिवशी तिने प्रयागबाईचा हात समीक्षाच्या डोक्यावर ठेवून कोणाला न सांगण्याची आण घातली, आणि प्रयागबाईने ती मनापासून घेतली. तेव्हा ती खोटं बोलत नव्हती.

मग ही गोष्ट मुंबईला कशी पोचली, ते सांगायला हवं.

रुचिका मुंबईला गेली तेव्हा पहिलं वर्षभर रोज फोन करायची. पुढे फोन आखूड होत गेले. जेवलीस का, हो, बाबा कसे आहेत, बरे आहेत, बरं ठेवते. प्रयागबाई मग तो बंद फोन हातात धरून बसून राही. एकदा तिने सहज सांगितलं की वर्षाराणीने निताच्या सासूच्या केसांना मेंदी लावली आणि केस गाजरासारखे झाले, म्हातारी आठ दिवस डोक्यावरचा पदर काढेना. रुचिका खदखदून हसली आणि म्हणाली, "मग?"

त्या 'मग'ची प्रयागबाईला चटक लागली. दिवसभर ती गल्लीतून वेचत फिरे. कोणाचं कोणाशी वाजलं, कोणाच्या घरी कोण आलं, नळाच्या पाण्यावरून कोण काय बोललं. संध्याकाळी ते सगळं लेकीच्या पुढ्यात ओती आणि लेक तिकडून मग, मग करत ऐकत राही. आपल्या पोरीला गावाची आठवण येते असं प्रयागबाई समजत होती. आठवण येत नसेल असंही नाही. पण तिकडे ती कागदावर उतरवूनही घेत होती, हे आईला कोणी सांगितलं नव्हतं.

आणि एका आठवड्यात गल्लीत काही म्हणजे काही घडलं नाही. प्रयागबाईची झोळी रिकामी. रुचिका म्हणाली, चल आई, ठेवते मग. तेव्हा प्रयागबाईच्या तोंडून निघून गेलं, "अवं थांब थांब, एक गोष्ट आहे." त्या दिवशी दूध उतू जाऊन गॅस विझला तरी फोन चालू होता. गाठीसकट सगळं सांगून झालं. फोन ठेवल्यावर तिला समीक्षाच्या डोक्यावर ठेवलेला हात आठवला, आणि तिने स्वतःची समजूत काढली की रुचिका काय परकी आहे?

सोमवारी भाग संपल्यासंपल्या तिने फोन लावला. रुचिकाने उचलायला वेळ लावला.

"रुची, ते पार्सल आपल्या चतुराचं होये ना?"

रुचिका म्हणाली की आई, तिचं कसं, ही सुलभा आहे, हिचा नवरा दुबईला आहे, सगळं बदललंय, कोणाला काय कळणार? प्रयागबाईने विचारलं की गाठ दाखवणार आहेत का. मग रुचिका हळूच म्हणाली की गाठ शुक्रवारी आहे. त्या गाठीवरच तर सगळं उघडं पडतं. मीटिंगमध्ये तिने गाठीचं सांगितलं तेव्हा सगळे गप्प झाले होते, आणि म्हणून तो भाग पहिल्यांदा तिला एकटीला लिहायला दिला होता. शूटिंग कधीच झालं.

"ते काढून टाक, बाई," प्रयागबाई म्हणाली. "समीक्षाची सोयरीक जुळून राह्यली. आसेगावचे पाहुणे येनार आहेत."

"आई, ते माझ्या हातात नाही आता." आणि वर, "तूच तर सांगितलंस ना."

आपलेच दात आणि आपलेच ओठ, ओरडायचं कोणाच्या नावाने?

आसेगावची माणसं शेतीवाडी राखून असलेली, मुलगा वाशिमला नोकरीला, आणि समीक्षा त्यांना एका बघण्यातच पसंत पडलेली. अडलं होतं एकाच ठिकाणी. मुलाच्या आईने विचारलं होतं की सुपारी फोडायला मुलीचे वडील येतील ना? चतुराबाईने येतील म्हणून सांगून टाकलं होतं. ती त्यातून कशी वाट काढणार होती देव जाणे. पण वाट काढायच्या आधीच शुक्रवारी ती गाठ सगळ्या महाराष्ट्राला दिसणार होती, आणि बाकीच्या महाराष्ट्राला ती नुसती गाठ वाटली तरी ह्या खोलीतल्या प्रत्येक बाईच्या हाताला ती ओळखू येणार होती. इथून गोष्ट आसेगावला पोचायला एका एसटीचा वेळ पुरे होता.

मंगळवारी प्रयागबाईचं कशात लक्ष लागेना. भाजीला दोनदा मीठ पडलं. अंगणात जाऊन ती चतुराबाईच्या घराकडे बघे. मशीनचा आवाज येत असला की जीव भांड्यात पडे आणि आवाज थांबला की पुन्हा वर येई. ती कुंपणापर्यंत जाऊन परत फिरली, पुन्हा गेली, तर समीक्षा तिथेच कपडे वाळत घालत होती. पोरीच्या डोक्याकडे बघवेना म्हणून प्रयागबाई परसात गेली आणि उगाचच वांग्याची पिवळी पानं खुडत बसली.

बुधवारी तिने शक्कल लढवली. सातच्या सुमाराला टीव्हीच्या डब्याची मागची वायर ओढून काढली, आणि बायका आल्यावर तोंड पाडून सांगितलं की टीव्ही बिघडला, मेकॅनिक आठ दिवस येत नाही म्हणतो. टीव्ही नाही तर गाठ नाही, असा तिचा सरळ हिशोब. बायका हळहळल्या. तेवढ्यात चतुराबाई शांतपणे म्हणाली की मग माझ्याकडे चला, माझा टीव्ही धड आहे, सांबार उचला आणि चला. सगळ्यांनी मिळून ओलं पोतं चारी टोकांनी धरलं आणि वरात निघाली. प्रयागबाई आगीतून फुफाट्यात पडली. आता ते सगळं चतुराबाईच्याच घरात, तिच्याच छताखाली होणार होतं.

रात्रीच्या जेवणाआधी रंगराव बातम्या लावायला गेले आणि लोंबणारी वायर हातात घेऊन आले.

"रुचीची माय, टीव्ही नाही बिघडला. तू बिघडली."

मग तिने सगळं सांगितलं, पदर तोंडाला लावून. रंगराव ऐकत होते. ते रागे भरले असते तर तिला बरं वाटलं असतं. ते एवढंच म्हणाले की टीव्हीनं सांगायच्या आधी तू जाऊन सांग. किडलेला वाफा झाकून ठेवल्यानं किडा मरत नाही. आणि त्यांनी वायर पुन्हा लावून बातम्या लावल्या.

गुरुवारी सकाळी ती धीर करून गेली तर चतुराबाईच्या दाराला कुलूप. वर्षाराणी म्हणाली की चतुराकाकू पहिल्याच गाडीने मंगरूळला गेल्या, चांगली साडी नेसून. दिवाळी तर लांब होती. हिला काही कळलं नाही की काय? ह्या वर्षीचं पार्सल हिने लवकरच टाकायचं ठरवलं की काय, वडील येणार नाहीत पण वडिलांचं पार्सल आलं असं आसेगावच्यांना दाखवायला? शुक्रवारी टीव्हीवर गाठ दिसेल आणि शनिवारी पोस्टमन तीच गाठ दारात घेऊन येईल. ती दिवसभर आतबाहेर करत राहिली. दुपारी कुलूप, चार वाजता कुलूप. दिवे लागायच्या वेळी चतुराबाई आली, पायावर धूळ, चेहऱ्यावर काहीच नाही. त्या संध्याकाळी तिने बायकांना डोकं दुखतं म्हणून सांगितलं आणि दार लावून घेतलं.

शुक्रवारी सकाळी चतुराबाई मशीनवर बसली होती. प्रयागबाई उंबऱ्याशी उभी राहिली. काय बोलायचं ते तिने अंगणात घोकून घेतलं होतं, पण उंबऱ्याशी आल्यावर त्यातलं काही आठवेना. चतुरा, मले तुह्याशी बोलाचं आहे, एवढं कसंबसं निघालं. चतुराबाईने मशीन थांबवलं नाही. कापड पुढे सरकवत ती म्हणाली, "संध्याकाळी ये. सांबार घेऊन ये."

संध्याकाळी सगळ्या आल्या. भारा मोठा होता. चतुराबाईने सुतळीचे तुकडे तांब्यात भिजत घातले होते, पोतं आधीच अंथरलं होतं. प्रयागबाई भिंतीला टेकून बसली. बाजूला फोन ठेवला. गाणं वाजलं, मालिका सुरू झाली.

सुलभाकडे दुसरं पार्सल आलं होतं आणि ती घरी नव्हती. पोस्टमनने ते शेजारच्या बाईकडे दिलं. ही शेजारीण मालिकेत आधीपासून होती, पण आज पहिल्यांदा प्रयागबाईने तिच्याकडे नीट बघितलं. जाडसर, गोरी, चष्म्याला दोरी बांधून गळ्यात अडकवलेली. प्रयागबाईचा हात आपल्या गळ्यातल्या चष्म्याच्या दोरीकडे गेला. टीव्हीतल्या बाईने पार्सल उचललं, डोळ्यांवर चष्मा चढवला, आणि कॅमेरा हळूहळू गाठीवर गेला. पडदाभर गाठ. दोन वेढे, शेपूट खालून आत.

खोलीतले हात थांबले. कोणी ठरवून थांबवले नव्हते. निताच्या हातात अर्धी बांधलेली जुडी होती, तिने टीव्हीकडे बघितलं, जुडीकडे बघितलं, आणि तिच्या तोंडून, "काकू, ही तर..." एवढंच निघालं.

टीव्हीतल्या बाईला मात्र थांबायचं नव्हतं. ती सुलभाकडून सगळं काढून घेऊन आली, देवासमोर हात जोडून कोणाला सांगणार नाही म्हणाली, आणि पुढच्याच दृश्यात फोन कानाला लावून डोळे मोठे करून म्हणाली, थांब थांब, एक गोष्ट आहे. प्रयागबाईचेच ते शब्द. लेकीने काहीच बदललं नव्हतं, आईला जशीच्या तशी नेऊन त्या कॉलनीत बसवलं होतं, आणि ती बाई किती वाईट दिसत होती.

जाहिराती लागल्या. वर्षाराणी मालिकेत पुरती बुडाली होती, तिच्या ध्यानात अजून गाठ आली नव्हती. "असल्या बायकाइच्या तोंडाले कुलूपच लावाले पाह्यजे," ती म्हणाली. निताने तिला कोपराने ढोसलं. वर्षाराणीने वळून बघितलं, मग पोत्यावरच्या जुड्या बघितल्या, आणि हातातली जुडी खाली ठेवली.

चतुराबाई उठली आणि तिने टीव्ही बंद केला.

"ते पार्सल माहं होये," ती म्हणाली. आवाज साधा होता, ब्लाऊजचं माप सांगावं तसा. "दुबई नाही, सुरत. अन् सुरतही नाही, मंगरूळ. लुगडं मीच घेते, मीच बांधते, मीच पाठवते. त्याचं तिकडं दुसरं घर आहे. तो येत नाही अन् येनारही नाही."

स्वयंपाकघराच्या दारात समीक्षा उभी होती. तिचा चेहरा बघून कळत होतं की तिला आज हे नवीन नाही. निताने पदर डोळ्यांना लावला.

"काल मंगरूळहून आसेगावले गेली होती. पोराच्या मायले समोर बसून सांगतलं. दुसऱ्या कोनाच्या तोंडून कळन त्यापरीस माह्या तोंडून कळावं. इचार करून सांगतो म्हने." तिने बंद टीव्हीकडे बघितलं. "सोमवारीच समजलं होतं मले. आपल्या हातचं पार्सल मानूस गाठ न पाह्यताही वळखते."

मग वर्षाराणीने, न राहवून, मुंबईच्या लोकांना हे समजलं कसं असं अर्धवट विचारलं आणि अर्ध्यातच तिची नजर प्रयागबाईकडे गेली. निताचीही गेली. प्रयागबाईने मान खाली घातली. जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं, असं तिला खरोखर वाटलं.

"त्या टीव्हीतल्या बाईले शिव्या नका देऊ," चतुराबाई म्हणाली. "पोरगी दूर आहे तिची. पोरीनं फोन ठेवू नये म्हनून बोलत गेली. तिच्यापाशी पोरीले द्याले दुसरं होतं काय?"

प्रयागबाई रडू लागली. तिला काही सांगायचं होतं, पण चतुराबाई खाली बसून तिच्याकडे सरळ बघत होती.

"रडू नोको. माफ नाही केलं मी तुले. माह्या पोरीच्या डोक्यावर हात ठेवला होता तू. ते मी इसरनार नाही." तिने पोत्यावरचा सांबार दोघींच्या मध्ये ओढला. "पन हा भारा सकाळी बाजारात जाचा आहे."

तेवढ्यात प्रयागबाईचा फोन वाजला. सांबाराच्या पानांत तो थरथरत होता आणि त्यावर रुचिकाचं नाव होतं. कितीतरी महिन्यांत लेकीने आपण होऊन फोन केला नव्हता. सगळ्यांनी बघितलं. प्रयागबाईने ओल्या हातानेच तो उचलला.

"आई, बघितलंस?" रुचिकाचा आवाज आनंदाने फुटत होता. "काय म्हणाल्या सगळ्या? चतुरामावशी होत्या का?"

प्रयागबाईच्या जिभेवर आज एवढी मोठी गोष्ट होती की रात्र पुरली नसती. टीव्हीतल्यापेक्षा मोठी. तिच्या रुचीने ती श्वास रोखून ऐकली असती, मध्ये एकदाही ठेवते म्हणाली नसती.

"होती," ती म्हणाली.

"मग?"

समोर चतुराबाई मूठ जुळवत होती. तिने वर बघितलं नाही.

"मंग काही नाही. जुड्या बांधून राह्यलो."

रुचिका वाट बघत होती; आईकडून नेहमी पुढचं येतंच. पुढचं आलं, पण ते तिला हवं होतं ते नव्हतं.

"रुची, तुह्या शेजारी कोन राह्यते?"

"म्हणजे?"

"तुह्या खोलीच्या बाजूले. दार उघडलं की समोर. कोन राह्यते?"

रुचिकाच्या मागे गाड्यांचे हॉर्न ऐकू येत होते. "माहीत नाही, आई," ती शेवटी म्हणाली. "दार बंदच असतं त्यांचं." मग आवाज बारीक करून तिने विचारलं, "आई, तू चिडलीस का माझ्यावर?"

"जाऊन भेट त्याइले एकडाव. लिहाले नाही. नुसती भेट." प्रयागबाईने नाक ओढलं. "आता ठेवते मी. हात गुंतले आहेत."

इतक्या वर्षांत फोन पहिल्यांदा तिने ठेवला. ती तो फोन पुन्हा उचलायच्या बेतात होती. आसेगावचा निरोप यायचा होता. तो काय येईल आणि आला की चतुराबाई तिच्याशी बोलेल की नाही, हे त्या खोलीत कोणालाच माहीत नव्हतं. चतुराबाईने तिच्याकडे न बघता सुतळीचा तांब्या तिच्यापुढे सरकवला. प्रयागबाईने मूठ भरली आणि पहिला वेढा दिला.